मँचेस्टरच्या सुईणी आणि धुळ्याचा गुरुपुष्य

आमच्या खानदेशात लेकीचं पहिलं बाळंतपण माहेरी होतं. ही रीत कुठं लिहिलेली नाही, म्हणून ती खोडताही येत नाही. यंदा अडचण अशी झाली की आमची माधुरी होती इंग्लंडात, मँचेस्टर नावाच्या शहरात, आणि सातव्या महिन्यात एवढं पोट घेऊन विमानात बसायला तिनं साफ नकार दिला. मी जळगावजवळच्या असोद्याचा शेतकरी. केळी, कापूस आणि बांधालगत थोडी भरताची वांगी, एवढा माझा पसारा. आता कसं करावं, या विचारात असतानाच धुळ्याहून विहीणबाईंचा फोन आला. त्यांना आम्ही सगळे अक्का म्हणतो.

"भाऊ, आंडेर माहेरले येत नही, तर माहेरनी आंडेरकडे जावाले काय हरकत शे?"

लेक माहेरी येत नसेल तर माहेरानं लेकीकडं जावं. असा निकाल लागला आणि आम्हा नवराबायकोचे पासपोर्ट निघाले.

ज्यांची लेक परदेशात बाळंत होणार आहे अशा आईबापांसाठी हे लिहितो आहे. व्हिसाला तीन-चार आठवडे धरा. प्रवासाचा विमा काढा, कारण तिथं सरकारी खर्चानं लेकीवर उपचार होतील, तुमच्या गुडघ्यावर नाही. डिंक, अळीव, मेथी, खारीक बांधून न्या. तूप नेऊ नका. दुधातुपाचे पदार्थ त्यांच्या कायद्यात बसत नाहीत आणि तूप तिथल्या देशी दुकानात मिळतं. हे मला निघायच्या आदल्या दिवशी कळलं. तोवर आमच्या सौभाग्यवतीचे, म्हणजे सुमनचे, साजूक तुपातले डिंकाचे लाडू वळून झाले होते. ते शेजारपाजारच्यांनी आनंदानं खाल्ले. त्यातला एकही बाळंत होणार नव्हता.

सामानात आणखी एक वस्तू होती, तिला वजन नव्हतं. अक्कांनी गुरुजींकडून मुहूर्त काढून आणला होता. आषाढातला गुरुवार, पुष्य नक्षत्र, सकाळची नऊची वेळ. बाळानं त्या वेळी जन्माला यायचं. येत नसेल तर आणायचं.

बाहेरच्या वाचकांना हे विचित्र वाटेल म्हणून सांगतो. आमच्याकडे गुरुपुष्याला जळगावात दोन ठिकाणी गर्दी असते, सराफ बाजारात आणि प्रसूतिगृहांत. सिझरची वेळ गुरुजी देतात, भूल डॉक्टर देतात आणि बाई फक्त पोट देते. दवाखान्यांनाही हे सोयीचं पडतं. बाई रात्री-बेरात्री अडून बसण्यापेक्षा सकाळी नऊला हजर झालेली कोणाला नको आहे?

"तुम्ही देवधर्मना माणूस," अक्का मला म्हणाल्या. "माधुरी तुमनं ऐकस. तेवढं तिनाकडथून कबूल करी ल्या. गुरुपुष्य शे भाऊ, असा योग पुन्हा येवाव नही."

माधुरीनं तिच्या आईला एकदाच फोनवर विचारलं होतं, "आई, माझं सगळं नीट चाललंय, मग मला कशाला कापायचं?" पण सासरच्या माणसांसमोर ती गप्प व्हायची. म्हणजे मी चाललो होतो आजोबा व्हायला, आणि हातात वकीलपत्र होतं लेकीच्या विरुद्धचं.

जळगावहून रेल्वेनं मुंबई, मुंबईहून थेट विमानानं मँचेस्टर. विमान दहा तासांच्या आसपास घेतं. तिकीट काढतानाच खिडकीची जागा मागून घ्या, थोडे पैसे जास्त पडतात पण वसूल होतात. मी खिडकीशी होतो. सुमन मधे होती आणि तिच्या पलीकडे एक पंजाबी आजी होत्या, त्याही नातवासाठीच चाललेल्या. दोघींचं काळा समुद्र येईपर्यंत खारकेवर एकमत झालं होतं.

मँचेस्टरला उतरल्यावर पहिला धक्का हवेचा. जूनअखेर, आणि अंगावर स्वेटर. तिथले लोक त्याला उन्हाळा म्हणतात आणि अर्ध्या चड्डीत फिरतात. जावईबापू नितीन घ्यायला आले होते. विमानतळावरून गावात यायला रेल्वे आहे, ट्राम आहे. ट्रामचं तिकीट फलाटावरच काढावं लागतं. आत कंडक्टर नसतो, पण म्हणून तपासनीस नसतो असं समजू नका. एक दक्षिणेकडचा रस्ता पूर्ण आपल्यासारख्या लोकांचा आहे. तिथं मेथी, दुधी, बाजरीचं पीठ, सगळं मिळतं. वांगी मिळतात, पण ती नुसती दिसायला. आमच्याकडे कापसाच्या काड्यांच्या जाळावर भरताचं वांगं भाजलं की गल्लीला कळतं. नितीनच्या विजेच्या शेगडीवर ते तासभर ठेवलं तर आजारी पडल्यासारखं मऊ झालं, इतकंच.

घर लहान पण उबदार. स्वयंपाकघराच्या छतावर धूर ओळखणारी एक पांढरी डबी होती. सकाळी आंघोळ करून देवापुढं उदबत्ती लावली आणि ती डबी किंचाळायला लागली. त्या देशात देवापर्यंत काही पोचवायचं तर आधी खिडकी उघडावी लागते.

चौथ्या दिवशी माधुरीची तपासणी होती. तिथं सगळं सुईणीच्या हातात असतं. डॉक्टर फक्त अडचण आली तर. सुईण म्हटल्यावर माझ्या डोळ्यांपुढं नऊवारीतली म्हातारी आली. प्रत्यक्षात निळ्या कपड्यातली तिशीची मुलगी होती, नाव सारा. तिच्या छोट्या खोलीत आम्ही चौघं शिरलो. पाचव्या अक्का नितीनच्या मोबाईलमध्ये होत्या, धुळ्याच्या देवपुरातल्या दिवाणखान्यातून.

सारानं माधुरीला विचारलं, "कसं वाटतंय?"

"पायांना सूज आहे," सुमन मराठीत म्हणाली.

"पायांना थोडी सूज आहे," नितीननं इंग्रजीत सांगितलं.

"झोप लागते का?"

"कुशीवर झोप म्हणते मी, ऐकत नाही," सुमन.

"काय म्हणस ती?" मोबाईलमधून अक्का.

सारानं मोबाईलकडं बघितलं. "या कोण?"

"हिच्या सासूबाई. इंडियातून बोलताहेत."

सारानं मोबाईलला हात हलवून नमस्कार केला आणि पुन्हा माधुरीकडं वळली. "बाळंतपणाविषयी तू काय विचार केलायस?"

नितीननं घसा साफ केला. मुलगा गुणी आहे, कंपनीत मोठ्या मोठ्या लोकांसमोर बोलतो. पण त्या दिवशी त्याचा आवाज मोबाईलच्या भीतीनं बारीक झाला होता. "आमच्या कुटुंबाची इच्छा आहे की अमुक गुरुवारी सकाळी नऊ वाजता सिझर व्हावं."

"काही त्रास आहे का? कारण?"

"ग्रह चांगले आहेत."

सारा हसली नाही, याबद्दल मी तिचा आभारी आहे. तिनं एवढंच विचारलं, "हिची इच्छा आहे?"

"आमच्या सगळ्यांची आहे."

"मला बाळ एकीच्याच पोटात दिसतंय," सारा म्हणाली. मग तिनं दार उघडलं आणि आम्हा सगळ्यांना, मोबाईलसह, बाहेर बसायला सांगितलं. होणाऱ्या आईशी एकटीशी बोलणं हा त्यांचा नेहमीचा रिवाजच आहे म्हणे.

बाहेर प्लॅस्टिकच्या खुर्च्यांवर आम्ही रांगेत बसलो. शाळेत वर्गाबाहेर काढायचे तसे. आणि तिथं नितीनच्या डोक्यात प्रकाश पडला.

"आई, नऊ म्हणजे कुठले नऊ? इथले की धुळ्याचे? साडेचार तासांचा फरक आहे."

मग अक्का शेजारी राहणाऱ्या गुरुजींच्या भाच्याला विचारायला उठल्या, परत आल्या, आणि म्हणाल्या, "मुहूर्त आपला शे, घड्याळ त्यासनं. धुळ्यानाच नऊ धरा."

"म्हणजे इथले पहाटेचे साडेचार. कोण डॉक्टर येईल?"

"गुरुपुष्यले कोनी बी यी."

माधुरी बाहेर आली तेव्हा चेहऱ्यावर काही नव्हतं. काय बोलणं झालं विचारलं तर म्हणाली, "बघू." त्या देशात सरकारी दवाखान्यात सिझर मागता येतं, पण मागायचं तिनं, असा नियम आहे, एवढं नितीनला कळलं. म्हणजे सगळी भिस्त पुन्हा माझ्यावर. त्या आठवड्यात धुळ्याहून मला रोज फोन आले. "बोलनात का भाऊ?" मी रोज सांगायचो, "बोलतो." कबूल करतो, मला बोलायचंच नव्हतं. पण नाही म्हणायला तोंडही उघडत नव्हतं.

शनिवारी फोनपासून पळायला म्हणून मी घराबाहेर पडलो. नितीननं एका पदयात्रेत माझं नाव घातलं होतं. "आबा, शहरातले जुने बायकांचे दवाखाने दाखवतात, तुम्हाला आवडेल." मँचेस्टरला गेलात तर ही गंमत जरूर करा. अशा पदयात्रा गावात बऱ्याच निघतात, एका माणसाला एका जेवणाइतके पैसे पडतात. छत्री आपली न्यायची. वाटाड्या होत्या जोनबाई, स्वतः निवृत्त सुईण, उंच, लाल छत्री उघडून पुढं चालणाऱ्या. माझं इंग्रजी गावच्या शाळेतलं, पण त्या सावकाश आणि मोठ्यानं बोलत. अनेक वर्षं कळा देणाऱ्या बायकांशी बोलल्यामुळं त्यांचा आवाज रस्ता ओलांडून जात होता.

पहिला मुक्काम एका कॉफीच्या दुकानासमोर. इथं कुठंतरी, जोनबाई म्हणाल्या, गरीब बायकांसाठी पहिल्यांदा भाड्याच्या घरात चार खाटा टाकल्या. पैसा गिरणीमालकांचा आणि व्यापाऱ्यांचा. मँचेस्टर म्हणजे कापडाचं गाव. मी छत्रीखाली उभा राहून हिशेब लावला, त्या गिरण्यांत आमच्या खानदेशचाही कापूस आलेला असणार. म्हणजे त्या खाटांवरच्या गादीत आमच्या आज्या-पणज्यांनी वेचलेलं एखादं बोंड असेलच. भिंतीवरच्या देणगीदारांच्या पाटीवर मात्र त्यांचं नाव नव्हतं. पाटी लावायची हौस दोन्ही देशांत सारखी आणि वगळायची माणसंही सारखीच.

"त्या काळी अशा दवाखान्यात कोणालाही घेत नसत," जोनबाई सांगत होत्या. "आधी लग्न झाल्याचा पुरावा. मग चांगल्या चालीची असल्याचा दाखला. आणि वर्गणीदाराची चिठ्ठी. नवव्या महिन्यात बाईनं श्रीमंताच्या दारात जाऊन उभं राहायचं आणि चिठ्ठी मागायची. त्यांना योग्य वाटलं तर मिळे."

गर्दीतली एक तरुण मुलगी म्हणाली, "किती भयंकर!"

कुठंही खाट मिळवायची तर कोणाचा तरी फोन लागतो, हे मला भयंकर वाटण्याइतकं नवीन नव्हतं. आणि चाळणीचंच म्हणाल तर त्यांनी दारात आया चाळल्या. आम्ही अलीकडच्या काळात पोटातल्या पोरी चाळल्या. गर्भलिंग तपासणी होत नाही, अशी पाटी आमच्याकडे प्रत्येक दवाखान्यात मुद्दाम लावावी लागते, यातच सगळं आलं.

दुसरा मुक्काम लाल विटांच्या मोठ्या इमारतीपाशी. एकेकाळचं बायकांचं हॉस्पिटल, आता राहायचे फ्लॅट. जिथं बायका कळा देत होत्या तिथं आता पट्ट्यावर धावायची यंत्रं आहेत आणि भाडं ऐकून पुन्हा कळा येतात. जोनबाईंनी इथं जे सांगितलं ते ऐकून मात्र छत्र्या हलायच्या थांबल्या. जुन्या दवाखान्यांत बायका तापानं मरायच्या. मोठे डॉक्टर मेलेल्यांची चिरफाड करून तसेच येत आणि न धुतलेल्या हातांनी बाळंतिणीला तपासत. त्यापेक्षा घरी सुईणीच्या हाताखाली अडलेली बाई वाचायची. हात धुवा म्हटलं तर त्या थोर लोकांना अपमान वाटायचा. सभ्य माणसाचे हात कसे घाण असतील?

"बाईला कोणी विचारलं का, तुला कोणाचा हात चालेल?" जोनबाईंनी आम्हा सगळ्यांना विचारलं. उत्तर त्यांनाच माहीत होतं. पुढं बायका डॉक्टर झाल्या तेव्हा त्यांना जुन्या दवाखान्यांत नोकरी देईनात, म्हणून त्यांनी आपले दवाखाने काढले. मग सरकारनं सगळे ताब्यात घेतले, एकाचं दुसऱ्यात विलीनीकरण केलं, नावं बदलली, पुन्हा विलीन केले. आपल्या बँकांसारखं. म्हणून मी इथं नावं लिहीत नाही. तुम्ही पोचेपर्यंत ती बदललेली असतील.

शेवटी जोनबाईंनी विचारलं, "तुमच्यापैकी घरी जन्मलेलं कोणी आहे?"

मी एकट्यानंच हात वर केला. "माझ्या गावी. मागच्या खोलीत. दाई होती."

"बघा!" त्यांनी टाळी वाजवली. "घरचं बाळंतपण, आज ज्याला आम्ही आधुनिक म्हणतो!" सगळे माझ्याकडं कौतुकानं बघायला लागले. तेव्हा असोद्यात दुसरं काही नव्हतं म्हणून मी घरी जन्मलो, हे सांगून त्यांचा विरस करावासा वाटला नाही.

ट्रामनं परत येताना खिडकीवर पाऊस होता. मी रोज देवापुढं म्हणतो की जन्म-मरण तुझ्या हाती. आणि खिशात गुरुवारी सकाळी नऊची वेळ घेऊन फिरतो. वर्गणीदाराची चिठ्ठी माझ्याच खिशात होती की. लेकीनं माझ्या दारात येऊन मागायची एवढंच बाकी होतं.

घरी गेलो. माधुरी सोफ्यावर पाय वर करून बसली होती. सुमन आणि नितीन बाजारात गेलेले. मी तिच्यासमोर बसलो आणि आजवर तिला कधी विचारलं नव्हतं ते विचारलं. "माधू, तुला काय पाहिजे?"

ती गोंधळली. "मला? चहा चालेल."

मी चहा केला. तिनं अर्धा कप प्याला, मग खाली बघत म्हणाली, "आबा, ते येईल तेव्हा येऊ दे. मी सारालाही तेच सांगितलंय. पण त्यांना कोण सांगणार?"

मी धुळ्याला फोन लावला. समोर अक्का आणि मागं नाना, आमचे व्याही, झोपाळ्यावर.

"अक्का, गुरुवारचं काही होणार नाही. माधुरीची इच्छा नाही आणि माझीही नाही."

"भाऊ, तुमी देवधर्मना माणूस!"

"म्हणूनच. वेळ देवानं ठरवायची असं रोज म्हणतो, मग त्याच्या हातातलं घड्याळ कशाला काढून घेऊ?"

"आनि काही कमीजास्त व्हयनं तर?"

"तर डॉक्टर आहेत. तेव्हा कापतील, मी पुढं होऊन हो म्हणेन. पण ग्रहांसाठी नाही."

मागून नाना हळूच म्हणाले, "बरं बोलना भाऊ." अक्कांनी वळून बघितलं आणि फोन बंद झाला. नानांचं त्या दिवशी काय झालं, ते त्यांनी मला अजून सांगितलेलं नाही.

गुरुवार आला. धुळ्याचे नऊ वाजले, मँचेस्टरचे वाजले, काही झालं नाही. अक्कांचा एकही फोन नाही. हा त्यांचा राग ओळखायचा मार्ग. माधुरी दिवसभर बागेत फेऱ्या मारत होती, मधेच थांबून कुंपण धरत होती. मी विचारलं तर म्हणाली, "पाठ भरून येते."

दुसऱ्या दिवशी दिव्यांची अवस. खिडकी उघडली, घरातल्या होत्या त्या समया-निरांजनं घासून पाटावर मांडली, सुमननं कणकेचे दिवे केले. सगळे एकदम लावले आणि छतावरची डबी किंचाळली. नितीन स्टुलावर चढून टॉवेल हलवतोय, सुमन दिव्यांवर हात धरतेय, आणि त्या गोंधळात माधुरी दारात येऊन म्हणाली, "आई, चला आता. पाणी गेलं."

"अगं बाई! कळा कधीपासून आहेत?"

"कालपासून."

"काल? गुरुवारी? मग सांगितलं का नाहीस?"

"सांगितलं असतं तर तुम्ही सगळ्यांनी घड्याळ काढलं असतं," ती म्हणाली आणि चौकट धरून उभी राहिली.

तेव्हा मला कळलं की माझ्या फोनवर ती अवलंबून नव्हतीच. तिनं आपलं आपण राखलं होतं, दातावर दात ठेवून.

दवाखान्यात सोबत दोघांना आत घेतात. नितीन आणि सुमन गेले. मी खाली बसलो. नव्या मँचेस्टरचं हॉस्पिटल म्हणजे काचेचं गाव. यंत्रातली कॉफी महाग आणि वाईट आहे, घरून चहा न्या. मी मनात नामस्मरण चालू ठेवलं. एरवी देवाकडं मागायची सवय नाही, पण त्या दुपारी मागितलं. त्याला वेळही सांगितली, लवकर. मुहूर्तवाल्यांत आणि माझ्यात फारसा फरक उरला नव्हता. संध्याकाळी सुमन खाली आली. रडत होती आणि हसत होती. मुलगी झाली. कुठं कापावं लागलं नाही. "प्रत्येक गोष्टीला तिलाच विचारत होत्या हो," ती म्हणाली. "हात लावू का, उठून बसतेस का, उभी राहतेस का. मी दोनदा उत्तर दिलं तर एकीनं माझ्या हातात पाण्याचा ग्लास दिला. तोंड बंद राहावं म्हणून असेल."

धुळ्याला कळवलं. अक्कांनी आधी लक्ष्मी आली म्हटलं, तसं म्हणायचंच असतं. मग राहवेना. "एक दिन आगुदर उनी असती तर काय बिघडतं व्हतं? गुरुपुष्य सोडी अवसले उनी."

"लक्ष्मीपूजन बी अवसलेच ऱ्हास ना वं," मागून नाना म्हणाले. माणसाला एकदा बोलायची चटक लागली की अवघड असतं.

आणि गंमत ऐका. गुरुजींनी पत्रिका मांडली, तर तिथी मँचेस्टरच्या सूर्योदयानं धरायची की धुळ्याच्या, यावर बराच खल झाला आणि अखेर असं निघालं की बाळ जन्मण्याआधीच अवस संपली होती आणि श्रावण लागला होता. नक्षत्राची एक छोटी शांती केली की राजयोगच. गुरुजींच्या पंचांगात आमची नात कुठंही, केव्हाही जन्मली असती तरी राजयोग सापडलाच असता, असा माझा त्यांच्यावर पूर्ण विश्वास आहे.

पाचवीला नितीनच्या बैठकीत पाट मांडला, पूजेत कोरा कागद आणि पेन ठेवलं. सटवाईनं नशीब लिहावं म्हणून. सारा घरी बाळ बघायला आली होती. ते काय आहे, तिनं विचारलं. माधुरीनं सांगितलं. सारा कोऱ्या कागदाकडं बघत म्हणाली, "छान आहे. कोरं ठेवता हे छान आहे."

भाद्रपदात आम्ही परतलो. शेतात केळी भावानं नीट राखली होती, वांग्यांत गवत माजलं होतं. आलो त्याच आठवड्यात धुळ्याला अक्कांकडे गेलो, मोबाईलमधले फोटो आणि तिकडची बिस्किटं घेऊन. त्यांनी फोटो पुन्हा पुन्हा मागं नेऊन बघितले. धाकट्या मुलाची बायको अश्विनी चहा ठेवून दाराशी उभी राहिली. तिलाही पाचवा लागला आहे आणि तिच्यासाठी गुरुजींनी दिवसही सुचवून ठेवलाय, हे नानांनी मला रस्त्यावरच सांगितलं होतं.

"ती सुईण," अक्का फोटोवरची नजर न काढता सुमनला म्हणाल्या, "खरंच तिलेच ईचारे?"

"दर वेळी, अक्का."

"माले तर नितीनना टाईमले कोनी ईचारं नही. सासूनी सांगं, दाईनी करं." त्यांनी मोबाईल मांडीवर पालथा ठेवला. झोपाळ्याची कडी तेवढी वाजत होती. "अश्विनी, तठे काय उभी शे? बस आठे," अक्का म्हणाल्या आणि सरकून सोफ्यावर आपल्या शेजारी जागा केली. अश्विनी बसली, अगदी काठावर. पुढं काय बोलणं झालं माहीत नाही. आम्हाला जळगावची एसटी गाठायची होती.

धुळे ते जळगाव, पारोळा-एरंडोलवरून, अडीच-तीन तास धरा. रस्ता आता बरा झालाय. बसमध्ये चढल्या चढल्या मी नेहमीप्रमाणे खिडकीशी बसलो आणि सुमन माझ्या शेजारी. बस धुळ्याबाहेर पडली तेव्हा मला सारा आठवली. म्हटलं, एकदा विचारून बघावं.

"सुमन, तुला काय पाहिजे?"

तिनं माझ्याकडं बघितलं. तपकिरी स्वेटर तिनं अजून काढला नव्हता, मँचेस्टरची आठवण म्हणून भाद्रपदाच्या उकाड्यात घालून बसली होती.

"खिडकी," ती म्हणाली. "लग्न झाल्यापासून."

मी उठलो. चालत्या बसमध्ये दांडी धरून आम्ही जागा बदलली. कंडक्टर ओरडला, "काका, बसून घ्या!" पारोळ्यापर्यंत सुमन बाहेर बघत होती. कापूस, ज्वारी, कापूस. तिला त्यात काय दिसत होतं ते मला मधल्या जागेवरून दिसत नव्हतं.